सासरचा वाढपी

आई गेली त्या वर्षी मी नगरच्या सोनाराकडून तिचा टाक करून घेतला. चांदीच्या पातळ पत्र्यावर उठवलेली, बोटाच्या पेराएवढी बाई. डोक्यावर पदर, हात जोडलेले. आमच्याकडे घरातलं माणूस गेलं की त्याचा टाक देव्हाऱ्यात देवांच्या रांगेत बसतो आणि सणासुदीला देवांबरोबर त्यालाही नैवेद्य मिळतो. वडिलांचा टाक चुलत्याच्या देव्हाऱ्यात होता. त्याच्या शेजारी आईला बसवावं म्हणून वर्षश्राद्धाला मी राहुरीकडच्या आमच्या गावी गेलो.

चुलत्यानं टाक हातातसुद्धा घेतला नाही. श्राद्धाला जमलेल्या पंगतीसमोर म्हणाला, "हिचं कूळ कंचं, म्हायेर कंचं, कुनाला ठावं हाय? देवाच्या रांगेत येईल त्याला बसवाया ही काय एसटी हाय?"

पंगत हसली. मी टाक रुमालात गुंडाळून खिशात घातला आणि न जेवता नगरला परत आलो. त्या दिवसापासून तो टाक माझ्या कोटाच्या आतल्या खिशात असायचा. बाजारात, गाडीत, दवाखान्यात, कुठंही. बायको म्हणायची, घरात ठेवा, आपल्या देवांत बसवा. मी म्हणायचो, ज्यानं तिला रांगेतून उठवलंय त्याच्याकडूनच बसवून घेईन.

वडील मी लहान असताना वारले. ते तरुणपणी हिरड्याच्या व्यापाऱ्याच्या बैलगाड्या हाकायचे. नगर जिल्ह्यातल्याच अकोल्याच्या वर, पार डोंगरात जायचे आणि हिरड्याची पोती घेऊन खाली उतरायचे. एका फेरीत पोत्यांबरोबर आईला घेऊन आले. गावाला सांगितलं, घाटावरच्या मराठ्याची पोरकी मुलगी आहे. वडील होते तोवर कोणी फार खोलात गेलं नाही. ते गेले आणि चुलत्यानं आम्हा दोघांना वाड्यातून काढून मळ्यातल्या गोठ्यात घातलं. आई गुरांचं करायची आणि गुरांशेजारी झोपायची. माहेर कुठलं असं मी विचारलं की म्हणायची, "लांब. डोंगरात." त्यापुढं एक शब्द नाही.

त्या गोठ्यातून मी गुरं ओळखायला शिकलो आणि त्यावरच उभा राहिलो. मी बैलांचा हेडी. हेडी म्हणजे विकणारा आणि घेणारा यांच्यामध्ये उभा राहून सौदा जुळवणारा माणूस. घोडेगावच्या बाजारात माझं नाव होतं आणि माझ्या तोंडाची भीतीही होती. मी भडक माणूस आहे. भाव पटला नाही तर मी बैलाच्या शेपटीपासून मालकाच्या आजोबापर्यंत सगळं काढतो. पण दिलेला शब्द कधी मोडला नाही, म्हणून लोक शिव्या खाऊनही माझ्याकडेच यायचे.

एकाहत्तरच्या दिवाळीत मी राजूरच्या वर एका वाडीत गेलो. तिथं डांगी बैल मिळतात. पावसात कुजत नाहीत, चिखलात रुतत नाहीत. माझी पद्धत अशी होती की बैल बाजारात उतरायच्या आधी दारावर जाऊन सौदा करायचा. सण तोंडावर आलेला असतो, माणसाला नड असते, आणि डोंगरातल्या लोकांना खालचा भाव ठाऊक नसतो. असं मी समजत होतो.

महादेव कोळ्यांची वाडी होती. एका म्हाताऱ्याची जोडी मला आवडली. काळी-पांढरी, आखूड शिंगांची, अंगावर तेल लावल्यासारखी चकाकी. मी तोंड वाकडं करून सुरुवात केली.

"म्हातारबा, ही जोडी का घातलीय दावणीला? एकाची पाठ खचलीय, दुसरा डोळ्यानं आंधळा वाटतो."

"आंधळा न्हाई," म्हातारा म्हणाला. "तुमच्याकडं बघावंसं वाटत नसंल त्याला."

"बोला काय घ्यायचं."

"आज न्हाई बोलायचं. आज बारस हाय. आज आमी गुरं इकत न्हाई आन् त्यांचा भावबी तोंडात आनत न्हाई."

मी तापलो. नगरहून एसटी, राजूरहून पायपीट, आणि हा म्हातारा तिथी सांगतो. मी त्याला बरंच बोललो. तो शांतपणे पानाला चुना लावत बसला होता. शेवटी त्याची बायको आतून म्हणाली, "पाव्हणं, उन्हं कलली. आता खाली उतरू नका. जेवा, झोपा, आन् सकाळी काय भांडायचं ते भांडा." दुसरा इलाजच नव्हता.

संध्याकाळी वाडीची सगळी माणसं गावकुसाबाहेरच्या वाघोबाच्या दगडापाशी जमली. मी लांब उभा राहून विडी ओढत होतो. नव्या तांदळाची खीर शिजली होती. आमच्याकडे वसुबारस म्हणजे गायीची पूजा. यांच्याकडे त्याच दिवशी वाघाला निवद. गुरांना खाऊ नको म्हणून त्यालाच आधी जेवू घालायचं. म्हाताऱ्याची बायको पुढं झाली. तिनं पानावर खिरीचा गोळा घेतला, डोंगराकडं तोंड करून जमिनीवर ठेवला, वर तळहात दाबून पाच बोटं उठवली आणि म्हणाली, "खा आन् आमच्याकडं पाठ कर." मग स्वतः पाठ फिरवली आणि मागं न बघता चालत आली.

माझ्या हातातली विडी विझली.

आमच्या मळ्यात, जिथं कोल्ह्याशिवाय दुसरं जनावर कोणी पाहिलं नव्हतं, तिथं माझी आई दरवर्षी बारशीला हेच करायची. पळसाचं पान, खिरीचा गोळा, पाच बोटं, हेच शब्द, आणि मागं न बघता परत येणं. चुलती म्हणायची, ही करणी करते. चुलत्यानं एकदा ते पान लाथेनं उडवलं होतं. त्या साली त्याची म्हैस आटली तर त्याचं खापरही आईवर फुटलं. मी पोरवयात तिला म्हणालो होतो, आई, सोड की हे. ती म्हणाली, माझ्याच्यानं सुटत न्हाई.

मी म्हातारीसमोर जाऊन उभा राहिलो आणि म्हणालो, "माझी आईबी असंच करायची."

"कुठली तुजी आई?"

"राहुरीकडची."

"राहुरीला कुठला आलाय वाघ?" कोणीतरी मागून म्हणालं आणि माणसं हसली. म्हातारी मात्र हसली नाही. तिनं विचारलं, "निवद कंच्या हातानं ठेवायची?"

"डाव्या."

"डाव्या का?"

"उजव्या हाताची दोन बोटं वाकडी होती. लहानपणी गवत कापताना विळा लागला होता."

म्हातारी खाली बसली. नवऱ्याला म्हणाली, "आवं, इकडं या. तुमच्या बहिणीचा पोरगा आलाय."

ज्याच्या बैलांना मी दुपारी आंधळे-पांगळे म्हणालो होतो तो माझा सख्खा मामा निघाला. त्यानं हनुवटीला धरून माझं तोंड उजेडाकडं वळवलं. मग म्हणाला, "तोंड तिचं हाय. जीभ कुनाची हाय कळंना."

त्या रात्री मामीनं सगळं सांगितलं. आई परजातीच्या गाडीवानाबरोबर निघून गेली म्हणून वाडीनं तिच्या नावानं अंघोळ केली होती. म्हणजे जिवंतपणीच तिला मेलेली धरलं होतं. आजीनं तिचं नाव पुन्हा घेतलं नाही, पण निवद ठेवताना डावा हात पुढं करायची, लेकीच्या सवयीनं. आई का बोलत नव्हती ते मला त्या दिवशी कळलं. खाली सांगितलं असतं तर सासर गेलं असतं, आणि वर तर माहेर आधीच गेलं होतं.

मला रडू आलं नाही. मला राग आला. ज्या बाईला कूळ नाही म्हणून चुलत्यानं गोठ्यात घातली, तिचं कूळ हे इथं वाडीभर पसरलं होतं. म्हातारे, बायका, पोरं, कोंबड्या, सगळं. आणि मी अर्धा कोळी आहे हे कळून मला काय वाटलं असं पुढं लोकांनी अनेकदा विचारलं. खरं सांगायचं तर मला वाटलं, आता चुलत्याला मारायला हातात काहीतरी आलं.

मी खिशातून टाक काढला. मामाला म्हणालो, "हिला तुमच्या देव्हाऱ्यात बसवा. आत्ता."

मामानं टाक हातात घेतला, कपाळाला लावला आणि परत दिला. "माझ्या एकल्याच्या हातात न्हाई. गोताला इचारावं लागंल."

सकाळी गोतातली जाणती माणसं जमली. त्यांचं म्हणणं सरळ होतं. जी लेक आपण दिलीच नाही, पळून गेली, तिला आत घेता येत नाही. पण सासरचा वडीलधारा माणूस आला आणि गोताच्या पंगतीला त्यानं आपल्या हातानं वाढलं, म्हणजे तिच्या सासरानं आमच्यापुढं मान वाकवली. मग लेक रीतसर दिली असं धरायचं आणि मग ती बसेल.

"बाप वारला माझा," मी म्हणालो.

"दीर आसंल की."

"तो येणार नाही."

"मग वाट बघ," एक म्हातारा म्हणाला. "इतकी वर्सं खिशात ऱ्हायली, आजून चार ऱ्हाईल."

मी त्याला तोंडावर उलट बोललो. मामीनं मला हाताला धरून बाहेर नेलं आणि म्हणाली, "भाच्या, हितं आवाज चढवला की आमी भाव वाढवतो."

वर्ष गेलं. मी चुलत्याकडं गेलो नाही. मागायला जाणं माझ्या स्वभावात नाही, आणि धंद्यात तर आपल्याला नड आहे हे दाखवायचंच नसतं. मी वाडीत मात्र जात राहिलो. मामाच्या गवतावर माझी काही जनावरं ठेवली. मामीच्या हातचं उडदाचं घुटं खाल्लं. बैलांच्या भावावरून मामाशी कडाकडा भांडलो, आणि दर वेळी तोच जिंकला.

मग बहात्तरचा दुष्काळ आला. राहुरी-नेवाशाकडची रानं पांढरी पडली. माणसं खडी फोडायला गेली, जनावरं बाजारात आली. घोडेगावला बैल येत होते ते पायावर उभे नसायचे. कसाब सोडला तर घेणारा नव्हता. वर डोंगरात मात्र थोडा पाऊस झाला होता आणि उतारावर गवत होतं. माझी जनावरं वर तग धरून आहेत ही बातमी खाली पसरली.

एके दिवशी भर बाजारात चुलता माझ्यासमोर आला. त्याच्याकडं खिल्लारी बैलांची जोडी होती. पोटच्या पोरांपेक्षा त्यांच्यावर जीव. बैलपोळ्याला गावात पहिला मान त्या जोडीचा. त्यांच्या बरगड्या मोजता येत होत्या.

"तुज्याकडं गवत हाय म्हनत्यात," तो म्हणाला. बऱ्याच वर्षांनी माझ्याशी बोलला असेल.

"माझ्याकडं नाही. माझ्या मामाकडं हाय."

"मामा? तुला कुठला मामा?"

"तुम्हीच इचारत होता की, म्हायेर कंचं म्हणून. सापडलं. महादेव कोळी हायत."

त्याचा चेहरा पडला. पण बैल बाजूला उभे होते. आमच्या बाजारात भाव तोंडानं बोलत नाहीत. रुमालाखाली हातात हात घालून बोटं दाबून ठरवतात, म्हणजे शेजारच्याला कळत नाही. चुलत्यानं सवयीनं खांद्यावरचं उपरणं पुढं केलं आणि त्याखाली हात घातला. जे काही ठरेल ते झाकून ठरावं अशी त्याची इच्छा होती.

मी उपरणं ओढून त्याच्या खांद्यावर परत टाकलं.

"ह्या सौद्याला रुमाल लागत नाही, तात्या. उघड्यावर बोलू."

आजूबाजूचे हेडी वळले. त्यातल्या निम्म्यांनी आमचं भांडण ऐकलेलं होतं.

"बैल पाऊस पडेपर्यंत वर ऱ्हातील. खातील, पितील, धडधाकट परत येतील. मला पैसा नको. तुम्ही माझ्याबरोबर वर यायचं आणि माझ्या आईच्या गोताला आपल्या हातानं जेवायला वाढायचं."

"मी वाढपी व्हय?"

"व्हय. आणि वाढताना वाकावं लागतं, ते आत्ताच सांगून ठेवतो."

"लोक काय म्हंतील रं?"

"लोक इथंच उभे हायत. त्यांनाच इचारा."

एक हेडी म्हणाला, "तात्या, घ्या सौदा. बैल आज उभे हायत, उद्याचं काय सांगावं." चुलता बैलाच्या वशिंडावर हात ठेवून उभा राहिला. मी पाठ फिरवून दुसऱ्या गिऱ्हाइकाशी बोलायला लागलो. सौद्यात पाठ फिरवणं ही सगळ्यात मोठी मागणी असते. थोड्या वेळानं त्यानं माझी बाही धरली.

थंडीत आम्ही वर गेलो. तांदूळ मी नगरहून नेला, कारण वाडीतसुद्धा त्या साली सुबत्ता नव्हती. भात आणि घुटं, एवढंच. पंगत मामाच्या अंगणात बसली. चुलता पांढरंशुभ्र धोतर नेसून आला होता. त्याच्या हातात मी भाताची पाटी दिली तेव्हा त्यानं माझ्याकडं पाहिलं ते मी अजून विसरलेलो नाही, आणि विसरावं असं मला वाटतही नाही.

तो वाकला. एकेका पानावर भात घालत गेला. मग घुट्याचं पातेलं घेतलं. गोत काही साधं नव्हतं. सगळ्यांना कळलं होतं हा कोण आहे. "दीरबुवा, हिकडं घुटं पोचलं न्हाई." "दीरबुवा, भात थंड व्हायला लागला." "आवं, म्हातारीचं पान तसंच हाय, तिला दात न्हाईत पर पोट हाय." एका बाईनं तिसऱ्यांदा भात मागितला आणि तो घालून झाल्यावर म्हणाली, "नको म्हनत हुते मी." चुलत्याच्या कपाळावरून घाम पानात पडेल की काय असं वाटत होतं. मी खांबाला टेकून उभा होतो. आयुष्यात एवढं चवीनं मी कधी काही पाहिलं नाही.

जेवणं झाल्यावर जाणत्या म्हाताऱ्यानं विचारलं, "पाव्हणं, आमची लेक तुमच्या घरात कोन हुती?"

"भावजय," चुलता म्हणाला.

"ऐकू आलं न्हाई."

"भावजय हुती. थोरल्या भावाची लग्नाची बायकू."

बस. मामानं टाक माझ्या हातातून घेतला, दुधानं धुतला, हळद लावली आणि देव्हाऱ्यात आजीच्या टाकाशेजारी ठेवला. माझा हात खिशाकडं गेला आणि खिसा रिकामा लागला.

पण पुढं जे झालं त्यानं माझं डोकं फिरलं. मामानं नवी टोपी आणली आणि चुलत्याच्या डोक्यावर घातली. खांद्यावर टॉवेल टाकला. घोंगडीवर, मानाच्या जागी बसवलं. मामीनं त्याच्यासाठी वेगळं ताट आणलं, तुपासकट. आता तो त्यांचा सोयरा झाला होता. ज्या म्हाताऱ्या त्याला नाचवत होत्या त्याच आता त्याला आग्रह करत होत्या. आणि तो जेवला. कोळ्याच्या अंगणात बसून, मिटक्या मारत. भुकेला असणार.

मी मामीला आत गाठलं. "हे काय? मी त्याला खाली बघायला आणलाय, टोपी घालायला नाही."

"तू कशाला आनलास ते तुजं," मामी म्हणाली. "आमचं काम आमच्या लेकीशी हुतं. सोयऱ्याला आमी उपाशी धाडत न्हाई. तुजं भांडान तुज्या घरी ने आन् तिथं भांड."

मी तसंच केलं.

त्र्याहत्तरला पाऊस पडला. चुलता बैल घेऊन गेला. धष्टपुष्ट झाले होते. नंतर थोड्याच दिवसांनी तो नगरला माझ्या घरी आला. पहिल्यांदाच. बायकोनं चहा ठेवला. बराच वेळ पाऊस, पिकं, मुळा धरणाचं पाणी असं बोलत राहिला. मी काही मदत केली नाही. नड ज्याची त्यानं बोलावं.

शेवटी म्हणाला, "देवऋषीकडं गेल्तो. थोरल्या सुनंला मूल ऱ्हाईना. त्यो म्हनला, घरची एक बाई बाहेर हाय, तिला आत घ्या."

"बरं."

"तिचा टाक आनू. दादाच्या शेजारी बसवू. रीतीनं, गावजेवण घालून. आता कूळ कळलंय, कोन काय बोलनार हाय."

मला ठाऊक होतं की आईला हेच हवं असतं. गोठ्यातसुद्धा ती वाड्याकडं पाय करून कधी झोपली नाही, कारण तिथं वडिलांचा टाक होता. हे मला ठाऊक होतं आणि तरीही मी म्हणालो, "नाही."

"नाही का? तुज्याच आईचं बरं करतूय."

"ती आता माहेरी आहे. तिथून ती हलणार नाही. तुम्हाला दोघं शेजारी बसलेली पाहिजेत ना? मग तिकडं बसू दे. वडिलांचा टाक द्या. मी वर नेतो."

त्याला आधी समजलंच नाही. मग समजलं. त्यानं कप बशीत ठेवला.

"दादाला? कोळ्याच्या देव्हाऱ्यात?"

"घरजावई म्हणून."

"आमच्या घरान्याचा मानूस घरजावई?"

"तिनं गोठ्यात वर्षं काढली, तात्या. त्याला देव्हाऱ्यात जागा मिळतीय. स्वस्तात जातोय."

तो उठला. चहा तसाच राहिला. दारात थांबून म्हणाला, "काही कमी कर."

"एक भाव."

तो गेला. दुसऱ्या वर्षी त्यानं माणूस पाठवला, त्याच्या पुढच्या वर्षी स्वतःच्या मुलाला. दर वेळी थोडं पुढं सरकत होता. आधी गावजेवण, मग चांदीचा नवा देव्हारा, मग मळ्यातला वाटा. मी भावात एकदाही खाली उतरलो नाही. मामा हे ऐकून हसला आणि म्हणाला, मेहुण्याला आणशील तेव्हा आण. मामीनं देव्हाऱ्यात आईच्या उजव्या बाजूला बोटभर जागा मोकळी करून ठेवली. ते मी चुलत्याच्या मुलाच्या तोंडून मुद्दाम त्याच्यापर्यंत पोचवलं.